खोल पाण्यातल्या माणसांना राक्षस कधी दिसतो

प्रश्न असा आहे: "दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहिते आहे. समुद्रतळाशी काम करणारी सहा माणसं तिथेच अडकतात आणि बाहेर एक महाकाय प्राणी घिरट्या घालतो आहे. हे कितपत शक्य आहे? त्यांना सरळ पोहत वर का येता येणार नाही? आणि अशा वेळी आत नेमकं काय होतं?"

मी नौदलात डायव्हर झालो, कोचीच्या डायव्हिंग स्कूलमध्ये शिकलो, आणि तिथून निवृत्त झाल्यावर अठरा वर्षं मुंबई हाय या समुद्रातल्या तेलक्षेत्राच्या प्लॅटफॉर्मखाली काढली. आधी डायव्हर म्हणून पाण्यात, मग सुपरवायझर म्हणून वर पॅनेलवर. तुमचा तिसरा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. पण दुसऱ्याचं उत्तर पक्कं झाल्याशिवाय तो उलगडणार नाही, म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

तुमची सहा माणसं कसल्या घरात आहेत, हे आधी ठरवा. समुद्राखाली घरं दोनच तऱ्हेची असतात आणि कथा त्यावर पूर्ण बदलते. पहिलं म्हणजे जाड कवचाचं. आत आपल्या दिवाणखान्यातला दाब, बाहेर समुद्राचा. पाणबुडी किंवा सबमर्सिबल, म्हणजे खोल जाणारं छोटं यान, ही या जातीची. चेन्नईच्या राष्ट्रीय समुद्र तंत्रज्ञान संस्थेचं 'मत्स्य ६०००' असंच आहे: टायटॅनियमचा २.१ मीटर व्यासाचा गोळा, ८० मिलिमीटर जाडीची भिंत, आत तीन माणसं. नेहमीची फेरी १२ तासांची आणि अडकलेच तर ९६ तास पुरेल एवढी सोय. अशा गोळ्यातून बाहेर पडण्याचा विषयच नसतो, कारण ६,००० मीटरवर बाहेर सहाशे वातावरणांचा दाब असतो. कवच टिकलं तर माणसं टिकतात. जून २०२३ मध्ये 'टायटन' या सबमर्सिबलचं कवच टिकलं नाही आणि आतली पाचही माणसं गेली. अशा घटनेत काही कळायलाही वेळ मिळत नाही, म्हणून कथेला त्यात फारशी जागा नाही.

दुसरं घर आमचं. इथे आतला दाब आणि बाहेरच्या पाण्याचा दाब सारखाच ठेवतात. त्यामुळे तळाचं झाकण उघडं असलं तरी पाणी आत चढत नाही. पाय खाली सोडून सरळ समुद्रात उतरता येतं. ज्या खोलीवर काम असेल त्या दाबात माणसं आठवडेच्या आठवडे राहतात. राहायचं चेंबर जहाजावर असतं. तिथून बेलमध्ये, म्हणजे लोखंडी गोळ्यात बसून, रोज तळाशी जायचं, सहा-आठ तास काम करायचं आणि त्याच दाबात परत चेंबरमध्ये यायचं. याला सॅच्युरेशन डायव्हिंग म्हणतात, आम्ही नुसतं 'सॅट' म्हणतो. साधारण २८ दिवस सलग. हवा नसते, हेलियम आणि ऑक्सिजनचं मिश्रण असतं, त्यामुळे सगळ्यांचे आवाज किनरे होतात आणि जेवणाची चव जाते. घरून आणलेलं लोणचं सगळ्यात आधी संपतं ते यामुळेच.

आता पोहत वर का येता येत नाही ते. इतके दिवस दाबात राहिल्यावर रक्तात, चरबीत, सांध्यांत, मज्जारज्जूत गॅस मुरलेला असतो. गोटी सोड्याची गोटी दाबली की काय होतं ते तुम्ही पाहिलं असेल. दाब एकदम काढला तर शरीरात तेच होतं. म्हणून दाब उतरवायचा वेग ठरलेला असतो: ढोबळमानानं दर ३० मीटरला एक दिवस, वर आणखी एक दिवस. मुंबई हायचं पाणी ७५ ते ८० मीटर. म्हणजे पंचवीस मजली इमारतीची उंची आणि घरी यायला साडेतीन दिवस. ५ नोव्हेंबर १९८३ रोजी नॉर्वेच्या समुद्रात 'बायफर्ड डॉल्फिन' या रिगवर बेल आणि चेंबर जोडणारा क्लॅम्प दार बंद व्हायच्या आधी उघडला गेला. नऊ वातावरणांचा दाब क्षणात एकावर आला. आतले चार डायव्हर आणि बाहेरचा एक मदतनीस जागीच गेले. ती माणसं तेव्हा पाण्यात नव्हती, जहाजाच्या डेकसारख्या सुरक्षित जागी होती. हे लक्षात ठेवलंत तर तुमच्या कथेतलं एक मोठं कोडं सुटेल. दार उघडं आहे, पाणी समोर आहे, वर उजेडही दिसतो आहे, आणि तरी वर गेलं की मरण.

खोलीचीही मर्यादा पाळा. सॅटमधली बहुतेक कामं ३०० मीटरच्या आत होतात. फ्रेंच कंपनी 'कोमेक्स'च्या डायव्हरनी १९८८ मध्ये खुल्या समुद्रात ५३४ मीटरवर काम केलं आणि १९९२ मध्ये त्यांच्यातला एक जण जमिनीवरच्या चेंबरमध्ये ७०१ मीटरच्या दाबापर्यंत गेला. तिथून पुढे मज्जासंस्थाच साथ देत नाही, हात थरथरतात, डोकं चालत नाही. त्यामुळे ३,००० मीटरवर सूट घालून चालणारी माणसं लिहू नका. तुमच्या प्राण्याला ३०० मीटरवर यावं लागेल, नाहीतर माणसांना जाड कवचात बसवावं लागेल.

आता तिसरा प्रश्न. आत काय होतं?

लोकांना वाटतं ऑक्सिजन संपतो. तो सहसा शेवटी संपतो. त्याच्या खूप आधी माणसाला मारतो तो त्याचाच सोडलेला श्वास. बंद जागेत कार्बन डायऑक्साइड साठतो. तो शोषायला सोडा लाइमचे दाणे भरलेला डबा आणि त्यातून गॅस फिरवणारा पंखा असतो, त्याला स्क्रबर म्हणतात. दाबाखाली हिशेब आणखी कडक होतो. घरातल्या खोलीत या वायूचं प्रमाण एक टक्का झालं तर फार काही जाणवत नाही. ७५ मीटरवर दाब साडेआठ पट, म्हणून तिथला एक टक्का शरीराला साडेआठ टक्क्यांसारखा लागतो, आणि एवढ्यावर शुद्ध जाऊ शकते. पाच-सहा घनमीटरच्या बेलमध्ये तीन माणसं बसली आणि स्क्रबर बंद पडला तर दोन-अडीच तासांत दम लागायला आणि डोकं ठणकायला लागतं.

१७ जून १९७३ ची फ्लॉरिडातल्या की वेस्टजवळची घटना आम्हाला शिकवताना सांगितली होती आणि मी पुढे प्रत्येक नव्या मुलाला सांगत आलो. 'जॉन्सन सी लिंक' नावाची छोटी सबमर्सिबल. मासे राहायला यावेत म्हणून मुद्दाम बुडवलेल्या 'फ्रेड टी. बेरी' या युद्धनौकेच्या अवशेषांत ती ११० मीटरवर अडकली. पुढच्या भागात दोघे, मागच्या भागात दोघे. पुढचा भाग जाड अ‍ॅक्रिलिकचा होता, त्यातून उष्णता सहज बाहेर जात नाही. मागचा भाग अ‍ॅल्युमिनियमचा, तो समुद्राएवढाच गार पडला. शोषक रसायन गार झालं की काम करेनासं होतं. पुढचे दोघे वाचले, मागचे दोघे कार्बन डायऑक्साइडनं गेले. यान बाहेर निघायला चोवीस तासांहून जास्त लागले होते. मेलेल्यांतला एक जण त्या यानाचे निर्माते एडविन लिंक यांचा मुलगा होता. हे तेच लिंक, ज्यांनी १९६२ मध्ये माणसाला समुद्रतळाशी मुक्काम करायला लावणारे पहिले प्रयोग केले. एकाच यानात, एकाच वेळी, एकाच खोलीवर बसलेल्या चौघांचा निकाल भिंत कशाची होती यावर लागला. कथालेखकाला याहून जास्त काय हवं?

पण मला सांगायचं ते याच्याही पुढचं आहे. हा वायू नुसता मारत नाही, तो आधी घाबरवतो.

२०१३ मध्ये अमेरिकेतल्या आयोवामधल्या संशोधकांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. मेंदूत अमिग्डला नावाचा भाग असतो, भीतीशी त्याचा जवळचा संबंध. ज्यांच्या मेंदूतला हा भाग दोन्ही बाजूंनी नष्ट झाला आहे अशा तीन रुग्णांना त्यांनी जास्त कार्बन डायऑक्साइड असलेल्या हवेचा श्वास घ्यायला लावला. त्यांच्यातली एक बाई तर साप हातात घेऊनही घाबरत नव्हती. तिघेही भेदरले, तोंडावरचा मास्क ओढायला लागले. म्हणजे ही भीती डोळ्यांनी काही पाहून येत नाही, विचारातून येत नाही. रक्तातूनच उठते. आणि एकदा उठली की मन तिच्यासाठी कारण शोधतं. अंधाऱ्या पाण्यात कारण सापडायला वेळ लागत नाही.

माझ्या वाट्याला हे एकदा आलं. जानेवारीतली रात्र, पाणी ७६ मीटर. पाइपलाइनवरचा क्लॅम्प घट्ट करून आम्ही दोघं बेलमध्ये परतलो. बेलमननं, म्हणजे बेलमध्येच थांबणाऱ्या साथीदारानं, आमची अंबिलिकल, म्हणजे गॅस, गरम पाणी आणि फोनच्या तारा आणणाऱ्या नळ्यांचे जुडगे, गुंडाळून टांगली, दार लावलं, बेल उचलायला सुरुवात झाली. दहा-बारा मीटर वर गेलो असू, जोराचा हिसका बसला, बेल तिरकी झाली आणि थांबली. वरच्या पुलीवरून वायर उसळून अडकली होती आणि जाता जाता तिनं बेलचं मुख्य अंबिलिकल चेपलं होतं. हे आम्हाला नंतर कळलं. त्या क्षणी एवढंच कळलं की गरम पाणी बंद झालं, सुपरवायझरचं वाक्य अर्ध्यात तुटलं आणि दिवे बॅटरीवर आले. पाण्यातून बोलायचा फोन होता, त्यावर नुसती खरखर.

अरबी समुद्र उत्तर समुद्रासारखा गार नाही, त्या खोलीवर २४ अंश असेल. पण हेलियम हवेच्या सहापट वेगानं अंगातली ऊब ओढून नेतो. म्हणून आमचं चेंबर एरवी तीस अंशांच्या आसपास ठेवतात. तासाभरात तिघांचे दात वाजायला लागले. सर्व्हायव्हल बॅगमध्ये शिरलो, दिवे कमी केले, बोलणं बंद केलं. बोलण्यानंही गॅस खर्च होतो.

चौथ्या तासाच्या सुमाराला बाहेर आवाज आला. धप्प. थोड्या वेळानं पुन्हा धप्प, आणि मग बेलला काहीतरी घासत गेल्याचा आवाज. छातीत जाणवेल असा खोल. बेलमन तरुण होता, त्यानं माझा दंड धरला. तो म्हणाला, "सर, हे मोठं आहे." आणि मला ते पटलं. हे मी जसं झालं तसं सांगतो आहे. मी तेव्हा दहा वर्षांचा जुना डायव्हर होतो, त्या समुद्रात काय राहतं ते मला माहीत होतं, आणि तरी त्या क्षणी मला खात्री वाटली की खिडकीबाहेर असं काहीतरी आहे जे आम्हाला उघडून खाणार आहे. खिडकीकडे पाहायची हिंमत होईना.

आमचा तिसरा साथीदार आमच्याहून वयानं मोठा, रत्नागिरीकडचा. तो काही न बोलता उठला, तपासणीची काचेची नळी काढली, दोन्ही टोकं मोडली आणि हातपंपानं बेलमधला गॅस तिच्यातून ओढला. नळीतले पांढरे दाणे जांभळे होत गेले. जांभळी रेघ जिथं थांबायला हवी होती त्याच्या बरीच पुढे गेली. स्क्रबरचा पंखा चालू होता, त्याचा आवाज येत होता, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. पण डब्यातला सोडा दिवसभराच्या कामात बराचसा वापरला गेला होता आणि आता गार आणि ओला झाला होता. त्यानं जुना सोडा काढला, नवा डबा आपल्या बॅगेत अंगाशी धरून थोडा गरम केला आणि बसवला. पंधरा-वीस मिनिटं गेली. डोक्यावरचा पट्टा कोणीतरी सैल केल्यासारखं वाटलं. बाहेर धप्प, धप्प चालूच होतं. आता मात्र मी टॉर्च घेऊन खिडकीशी गेलो.

हेकरू होता. प्लॅटफॉर्मच्या खांबांच्या आडोशाला हे मासे वर्षानुवर्षं राहतात. कोळी बांधवांना हेकरू चांगला ठाऊक आहे, पण त्यांच्या टोपलीत येतो तो लहान. त्याच कुळातला सगळ्यात मोठा मासा पावणेतीन मीटर लांब आणि चारशे किलोपर्यंत वाढतो. आमचा माणसाएवढा असेल. खालच्या ओठात जुना गळ रुतलेला, गंजून काळा झालेला. पोटातल्या हवेच्या पिशवीचे स्नायू आखडून असे मासे घुमणारा आवाज काढतात, आणि बेलच्या दिव्याला जमलेली लहान मासळी खायला तो येत होता. आमच्याकडे त्याचं लक्षही नव्हतं.

म्हणून माझी विनंती आहे की तुमचा प्राणी पहिल्या पानावर आणू नका. आधी स्क्रबर थकू द्या. एकाला डोकं दुखू द्या, दुसऱ्याला उगाच चिडू द्या, तिसरा एकच वाक्य पुन्हा पुन्हा बोलू द्या. मग आवाज. वाचकाला बराच वेळ कळता कामा नये की बाहेर खरंच काही आहे की आतली हवा बोलते आहे. तुमच्या सहा जणांनाही ते कळणार नाही.

आवाजाच्या बाबतीत वरची माणसंही फसतात. 'टायटन'च्या शोधात कॅनडाच्या विमानांनी टाकलेल्या श्रवणयंत्रांना ठोके ऐकू आले आणि जगभर आशा पल्लवित झाली. यान तोवर फुटून गेलं होतं, ठोक्यांचा त्याच्याशी संबंध नव्हता. १९९७ मध्ये दक्षिण प्रशांत महासागरात अमेरिकेच्या हवामान आणि समुद्र संस्थेच्या यंत्रांनी इतका प्रचंड आवाज टिपला की निळ्या देवमाशाहून मोठा प्राणी असेल, अशी चर्चा कित्येक वर्षं चालली. तो हिमनगाचा बर्फ तडकल्याचा आवाज निघाला.

खऱ्या प्राण्यांबद्दल. खोल समुद्र उपाशी आहे, हे आधी डोक्यात घ्या. उजेड नाही, म्हणून वनस्पती नाहीत. वरून जे मेलेलं, कुजलेलं बर्फाच्या भुरभुरीसारखं खाली येतं त्याचा थोडासाच अंश तळापर्यंत पोहोचतो. अशा ठिकाणी मोठा प्राणी असू शकतो, पण तो आळशी असतो, शक्ती जपून वापरतो. जपानमधल्या एका मत्स्यालयात महाकाय आयसोपॉड, म्हणजे खोल पाण्यातला हातभर किडा, पाच वर्षं काही न खाता जगला. ग्रीनलंड शार्क काही शतकं जगते, पण पोहते माणूस चालतो त्याहून हळू. त्यामुळे दार फोडणारा, गर्जना करणारा, पुन्हा पुन्हा चालून येणारा प्राणी मला पटत नाही. इतका खर्च त्याला परवडणार नाही.

महाकाय स्क्विडचंच घ्या. बारा-तेरा मीटरपर्यंत लांबी, डोळा फुटबॉलएवढा. शतकानुशतकं त्याच्या कथा सांगितल्या गेल्या, पण त्याच्या स्वतःच्या जगात जिवंत असताना त्याचं चित्रीकरण झालं ते २०१२ मध्ये, जपानच्या ओगासावारा बेटांजवळ. ते कसं जमलं ते तुमच्या कामाचं आहे. एडिथ विडर आणि त्सुनेमी कुबोदेरा यांच्या चमूनं पांढरे झगझगीत दिवे आणि मोटारींचा गोंगाट टाळला. खोल पाण्यातल्या बहुतेक प्राण्यांना न दिसणारा लाल प्रकाश वापरला आणि जेलीफिशसारखं निळं चमकणारं आमिष सोडलं. एरवी आमचे दिवे पाहूनच हे जीव दूर पळतात. आता तुमच्या सहा जणांचा विचार करा. बॅटरी वाचवायला ते दिवे विझवतात, बोलणं थांबवतात, यंत्रं बंद करतात. म्हणजे तो प्राणी जवळ यायला जे हवं तेच ते नकळत करतात. जगायला जे करावं लागतं त्यानंच तो येतो. कथेला हा दुवा पुरेल असं मला वाटतं.

त्याहून जड असतो तो कोलोसल स्क्विड. २००७ मध्ये अंटार्क्टिकाच्या रॉस समुद्रात न्यूझीलंडच्या मच्छीमारांना ४९५ किलोचा मिळाला होता. १९२५ मध्ये देवमाशाच्या पोटात सापडलेल्या तुकड्यांवरून त्याला नाव मिळालं आणि समुद्रात पोहताना तो पहिल्यांदा कॅमेऱ्यात आला मार्च २०२५ मध्ये. शंभर वर्षं. तेही ३० सेंटिमीटरचं पिल्लू, काचेसारखं पारदर्शक. मी ते चित्रीकरण पुन्हा पुन्हा पाहिलं आहे.

यानावर प्राण्यानं खरंच हल्ला केल्याची एक नोंद मात्र पक्की आहे. जुलै १९६७, अमेरिकेची 'अ‍ॅल्विन' ही सबमर्सिबल, खोली सुमारे ६०० मीटर. एक तलवारमासा येऊन धडकला आणि त्याची सोंड बाहेरच्या आवरणाच्या फटीत अशी रुतली की त्याला निघता येईना. नुकसान किती ते कळेना, म्हणून यान तातडीनं वर आणलं. मासा अजून अडकलेलाच होता. त्या रात्री जहाजावर तो शिजवला. यानातली माणसं घाबरली असणार, पण त्या प्रसंगात अडकलेला कोण होता ते पाहा. तुमचा प्राणीही असाच गुंतलेला असेल तर? मुंबई हायच्या खांबांना ट्रॉलरची तुटलेली जाळी लटकलेली असतात. प्रवाहात ती फुगतात, आक्रसतात, अंधारात जिवंत वाटतात, आणि त्यांत अडकलेला मासा सुटायला धडपडतो तेव्हा सगळं जाळंच अंगावर येतं. अंबिलिकल जाळ्यात गुंतणं ही आमच्याकडची रोजची, खरी भीती.

अंबिलिकल तुटलं तर काय, तेही सांगतो, कारण इथे आकडे कथेपेक्षा क्रूर आहेत. पाठीवर बेलआउट म्हणजे संकटकाळची बाटली असते. समजा ती १२ लिटरची, २०० बार दाबानं भरलेली. म्हणजे वरच्या हवेत २,४०० लिटर. शांत माणूस काम करताना मिनिटाला ४० लिटर ओढतो. ७५ मीटरवर साडेआठ पट, म्हणजे ३४० लिटर. सात मिनिटं. तोच माणूस भेदरून ७५ लिटरनं धापा टाकू लागला तर चार मिनिटंही नाहीत. प्राणी पाहून घाबरण्याची किंमत तीन मिनिटं, आणि तेवढ्यात बेलपर्यंत पोहोचता येतं.

१८ सप्टेंबर २०१२ ला उत्तर समुद्रात ख्रिस लेमन्स या डायव्हरच्या बाबतीत हेच घडलं. जहाजाला जागेवर धरणारी संगणक यंत्रणा बिघडली, जहाज वाहत गेलं, त्याचं अंबिलिकल तुटलं. खोली ९० मीटरच्या आसपास, पाणी तीन-चार अंश, काळोख. बाटलीतला गॅस काही मिनिटांचा. तो चाचपडत पुन्हा तळावरच्या लोखंडी सांगाड्याशी पोहोचला आणि त्याच्या माथ्यावर चढून पडून राहिला, म्हणून तो सापडू शकला. सुमारे अर्धा तास श्वासाला काही नव्हतं. साथीदारांनी त्याला बेलमध्ये ओढला आणि तो जगला. वर चढून उघड्यावर थांबण्याचा तो निर्णय मला फार मोठा वाटतो. अंधारात कोणीही आडोसा शोधला असता.

आणि हॅरिसन ओकेने. नायजेरियाच्या किनाऱ्यापासून ३० किलोमीटरवर, २६ मे २०१३ ला 'जॅस्कॉन-४' ही टगबोट उलटून ३० मीटरवर तळाशी गेली. बाराजणांतला हा एकटा स्वयंपाकी हवेच्या छोट्या कप्प्यात कमरेएवढ्या पाण्यात जवळजवळ ६० तास जिवंत राहिला. बाहेर प्राणी असण्याची सगळ्यात भयाण खरी गोष्ट मला माहीत आहे ती हीच. काळोखात त्याला मासे कशावर तरी तुटून पडल्याचा आवाज येत होता, आणि आपल्या सोबत्यांचे देह तिथेच आहेत हे त्याला माहीत होतं. मृतदेह काढायला गेलेल्या डायव्हरला पाण्यात एक हात दिसला. त्यानं तो धरला, आणि त्या हातानं त्याचा हात घट्ट धरला. पुढे त्याला हॅट, म्हणजे डायव्हरचं हेल्मेट, घालून बेलमध्ये नेलं आणि दोन दिवसांहून जास्त वेळ चेंबरमध्ये ठेवून दाब उतरवला, कारण ६० तासांत त्याच्याही अंगात गॅस मुरला होता. हा माणूस नंतर स्वतः व्यावसायिक डायव्हर झाला. तुम्ही राक्षस लिहा, पण त्या कप्प्यातल्या आवाजाइतकं साधं काहीतरी तुमच्या कथेत असू द्या.

शेवटी सुटकेचं. फोन बंद पडला तर ठोक्यांची भाषा असते. तिची पाटी प्रत्येक बेलच्या आत आणि बाहेर लावलेली असते, जगभर एकच. तीन-तीन-तीन म्हणजे संवाद सुरू. एक ठोका होय, तीन ठोके नाही. सहा म्हणजे ओढायला तयार राहा. तुमच्या कथेत प्राण्याच्या धडकांची लय चुकून तीन-तीन-तीन अशी भासली तर आतली माणसं काय करतील, याचा विचार करून पाहा.

आमच्या त्या रात्री सहावा तास उलटून गेला होता. हेकरूची धप्प-धप्प आता सवयीची झाली होती, बेलमन तर डुलक्या घेत होता. मग लोखंडावर लोखंडाचा आवाज आला. स्पष्ट, मोजका. तीन. तीन. तीन. आमच्या जहाजाला दोन बेल होत्या, दुसरी खाली आली होती. मी पान्यानं आतून तसंच उत्तर दिलं. बाहेर बराच वेळ साखळीची खडखड चालली, क्रेनचा हुक बसत होता. मग सहा ठोके. बेलमननं दोन्ही पाय समोरच्या भिंतीला टेकवले आणि हँडल धरलं. मी खिडकीतून पाहिलं. बाहेरच्या डायव्हरच्या दिव्याभोवती तो मासा सावकाश फिरत होता, आणि डायव्हर एका हातानं त्याला बाजूला सारत हुकाची खीळ तपासत होता.